विषय: बंद पडलेल्या लॅपटॉपमध्ये अडकलेलं लायसन्स

मा. सेवा व्यवस्थापक,

आज तुमच्या हेल्पलाइनला सहावा फोन केला. तो ठेवून लगेच हे लिहितोय.

माझ्या लॅपटॉपची एसएसडी गेली. प्रोजेक्टचा बॅकअप माझ्याकडे आहे, बिल आहे, लायसन्सचं सर्टिफिकेट आहे. गेलं ते फक्त तुमच्या कंट्रोलरच्या प्रोग्रॅमिंग सॉफ्टवेअरचं ॲक्टिव्हेशन. चाकणच्या ग्राहकाकडे माझी लीक टेस्टिंगची एसपीएम, म्हणजे खास त्याच कामासाठी बनवलेलं मशीन, उभी आहे, तिच्या प्रोग्रॅममध्ये मला एक टायमर बदलायचाय, तीन सेकंदांचे पाच. तपासायचा पार्ट, म्हणजे हाउसिंग, आता मोठा झालाय. आत हवा भरली की ती तापते, निवताना दाब उतरतो, आणि स्थिरावायला वेळ मिळाला नाही तर टेस्टर चांगल्या पार्टलाही गळती दाखवतो. ऑपरेटरने छेडू नये म्हणून ती वेळ ग्राहकानेच एचएमआयवर, म्हणजे ऑपरेटरच्या स्क्रीनवर, ठेवू दिली नव्हती. पाच दिवस चांगला माल रिजेक्टच्या पेटीत पडतोय.

तुमचा माणूस म्हणाला, “जुन्या लॅपटॉपवरून लायसन्स आधी रिटर्न करा.” मी म्हटलं, तो लॅपटॉप चालूच होत नाही. “रिटर्न झाल्याशिवाय सिस्टिम नवीन ॲक्टिव्हेशन की देत नाही, सर.” मेलेली एसएसडी कुरियरने पाठवतो म्हटलं, तरी तेच वाक्य. मग म्हणाला, “प्रोग्रॅम कोणी बनवलाय? त्यांना फोन द्या.” मी म्हटलं, मीच बनवलाय. “नाही सर, तुमच्याकडे इंजिनिअर असतील ना कोणी, त्यांना द्या.” बावीस वर्षं लॅडर, म्हणजे कंट्रोलरचे प्रोग्रॅम, लिहितोय मी. मशीनचं ड्रॉइंग माझं, पॅनेलचं वायरिंग माझं, प्रोग्रॅमची ओळ न् ओळ माझी. शेडमध्ये दोन पोरं शेजारी उभी होती, फोन स्पीकरवर होता. ती खाली बघायला लागली. हे मी विसरणार नाही.

शेवटी त्याने ट्रायल घ्या म्हणून सांगितलं. ट्रायल फक्त नव्या व्हर्जनची मिळते. तिच्यात प्रोजेक्ट एकदा उघडला की तो जुन्या व्हर्जनमध्ये परत उघडत नाही, आणि मशीनमध्ये डाउनलोड करायचा तर आधी सीपीयूचं फर्मवेअर, म्हणजे कंट्रोलरच्या आतलं मूळ सॉफ्टवेअर, बदला. दोन सेकंदांसाठी चालू लाइनवरच्या कंट्रोलरचं फर्मवेअर बदलायचं? मधेच काही अडलं तर ग्राहकाला तोंड मी दाखवायचं. तुमचंच सॉफ्टवेअर आहे, हे तुम्हाला ठाऊक आहे.

कंट्रोलरसाठीचं आयईसी ६११३१-३ हे आंतरराष्ट्रीय मानक १९९३ साली आलं. प्रोग्रॅमिंगच्या भाषा सगळ्या कंपन्यांच्या कंट्रोलरवर सारख्या असाव्यात, हा त्यामागचा विचार. २०१९ मध्ये त्याच मालिकेत एक्सएमएल फाइलमधून प्रोग्रॅमची देवाणघेवाण करण्याचं मानकही आलं. तुमच्या सॉफ्टवेअरमध्ये तो एक्सपोर्ट नाही. म्हणजे प्रोग्रॅम माझा, आणि तो उघडायला परवानगी तुमची. पैसे पूर्ण भरलेत मी, भाड्याने घेतलेलं नाही.

अकरा वर्षं प्रत्येक कोटेशनमध्ये मी तुमचाच कंट्रोलर टाकला. ग्राहक स्वस्तातला मागायचे, तेव्हा तुमच्यासाठी भांडलो. त्याचं आज फार वाईट वाटतंय.

उद्या संध्याकाळपर्यंत जुन्या व्हर्जनची की माझ्या ईमेलवर हवी. नाही आली तर हातातल्या तीन मशीनचे कंट्रोलर दुसऱ्या कंपनीचे लागतील. त्यांची ऑर्डर मी अजून पक्की केलेली नाही. आणि फोन कराल तेव्हा इंजिनिअरला द्या म्हणू नका. फोन मीच उचलतो.

एसपीएम उत्पादक,
भोसरी एमआयडीसी, पुणे