थोरल्याला कॅमेरा धरू दे

सांगली

प्रिय मित्रा,

तुझं पत्र पोचलं. थोरल्याला कॅमेरामन व्हायचंय म्हणून तू त्याच्याशी अबोला धरलायस, आणि मी फोटो स्टुडिओवाला, माझं तो ऐकेल, असा तुझा हिशेब. त्याच्याशी बोलेनच. पण आधी तू ऐक.

गुरुदत्तच्या सिनेमातल्या ज्या उजेड-सावल्यांवर आपण कॉलेजात जीव टाकायचो, त्या त्याच्या कॅमेरामनच्या, व्ही. के. मूर्तींच्या. म्हैसूरचे, जन्म १९२३ चा. बंगळूरच्या पॉलिटेक्निकात छायालेखन शिकले, मुंबईत कॅमेरामन फली मिस्त्रींच्या हाताखाली राबले. 'बाजी'च्या वेळी ते नुसते सहायक. तिथं त्यांनी गुरुदत्तला एक शॉट सुचवला आणि घेऊनही दाखवला. 'जाल' (१९५२) लगेच त्यांच्याकडं आला.

'कागज के फूल' आठव, १९५९ चा, आपल्या देशातला पहिला सिनेमास्कोप, म्हणजे रुंद पडद्याचा सिनेमा. 'वक्त ने किया' गाण्यात रिकाम्या स्टुडिओत वरून झोत उतरतो ना? ते खरं ऊन आहे रे! बाहेर उन्हात एक मोठा आरसा, दुसरा आत, आणि एकावरून दुसऱ्यावर घेत ऊन खाली आणलंय. आपल्या हळदीच्या गोदामात पत्र्याच्या भोकातून कवडसा पडतो, हवेतल्या धुळीमुळं तो डोळ्यांना दिसतो, अगदी तसा. जवळच्या दिव्याचा उजेड फाकत जातो. सूर्य इतका लांब की त्याचे किरण जवळजवळ समांतर येतात, म्हणून त्या झोताची कड शेवटपर्यंत धारदार राहते. शिवाय सूर्य काही थांबत नाही, त्याच्याबरोबर आरसा फिरवत राहायचा. एका गाण्यासाठी एवढं! मी आजही ते बघताना जागचा हलत नाही.

सिनेमा आपटला. पुढं गुरुदत्तनं दिग्दर्शक म्हणून स्वतःचं नाव लावलं नाही. मूर्तींना मात्र त्याच कामाचं फिल्मफेअर मिळालं, नंतर 'साहिब बीबी और गुलाम'चंही. १९६४ ला गुरुदत्त गेला, तरी मूर्तींचा हात चालू राहिला. दिग्दर्शक गोविंद निहलानी एकेकाळी मूर्तींचे सहायक. निहलानींच्या 'तमस'साठी मूर्तींनी कॅमेरा धरला. गुरूनं शिष्याच्या सेटवर जावं, ही गोष्ट मला फार मोठी वाटते.

तुझी पैशाची भीती खरी आहे. एक काम संपलं की दुसरं मिळेपर्यंत घरी बसावं लागतं, आणि नावही उशिराच होतं. फाळके पुरस्कार १९६९ पासून आहे. कॅमेरामनला तो पहिल्यांदा मिळाला २००८ सालचा, मूर्तींना, ऐंशी ओलांडल्यावर.

पण तुझ्या पोराचा डोळा मी पाहिलाय. गेल्या उन्हाळ्यात लग्नाच्या ऑर्डरला तो माझ्याबरोबर होता. हॅलोजन पेटवून मोकळं व्हायची आमची रीत. यानं नवरीला खिडकीशी बसवलं, दुसऱ्या बाजूला करवलीला पांढरी चादर धरायला लावली आणि चेहऱ्यावरची काळी सावली मऊ केली. त्याला हे कुणी शिकवलं नव्हतं.

तेव्हा पदवी पुरी करू दे; पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटला ती लागतेच. तिथं जागा मोजक्या. नाहीच मिळाली, तर कुणाच्या तरी हाताखाली लागेल. माझ्या ओळखीत विचारून ठेवतो. वाईला, मेणवलीच्या घाटावर शूटिंगं होतात, साताऱ्याहून फार लांब नाही. पुढच्या वेळी तूच त्याला घेऊन जा. आणि आजच त्याच्याशी बोल.

वहिनींना नमस्कार. थोरल्याला म्हणावं, लग्नसराईत मला माणूस हवाय, या वेळी पगारी.

तुझाच