भिडेखातर साक्ष देऊ नका

मा. संपादक यांस,

स. न.

अमेरिकेत मंडईतून भाजी आणावी तसं पिस्तूल मिळतं, हे मी सुट्टीत कुडाळला गेले की दरवेळी ऐकते आणि मराठी वर्तमानपत्रांतही वाचते. काही राज्यांत ते बरंचसं खरं आहे. आमच्या शेजारच्या पेनसिल्व्हेनियात तिथला रहिवासी दुकानात फॉर्म भरतो, दुकानदार पार्श्वभूमी तपासून घेतो, आणि अडचण नसली तर त्याच दिवशी तो पिस्तूल घेऊन घरी जातो. मधे फक्त डेलावेअर नदी. नदीच्या अलीकडे न्यू जर्सीत, जिथे मी गेली एकोणीस वर्षं राहते, एका पिस्तुलाला एक परवाना लागतो आणि तो हातात पडेपर्यंत आपली सगळी कुंडली पोलिसांसमोर मांडावी लागते.

मी तो परवाना काढला आहे. पण पत्र लिहिण्याचं खरं कारण त्या अर्जातली एक जागा आहे, जिथे अर्जदाराचं नाही तर तुमचं-माझं नाव लागतं. त्या जागेबद्दल इथली आपली माणसं फार बेफिकीर आहेत.

अर्ज मी केला तो सोन्यामुळे. २०११ ते २०१४ या काळात एका टोळीने न्यूयॉर्क, जॉर्जिया, मिशिगन, टेक्सास अशा राज्यांत आशियाई कुटुंबांची घरं हेरून दरोडे घातले होते, माणसं घरात असताना. तेव्हापासून धास्ती होतीच. नंतर एका दिवाळीच्या आठवड्यात आमच्या रस्त्यावरची दोन घरं फुटली. माझे यजमान कामासाठी आठवड्यातले चार दिवस बाहेरगावी असतात. आधी दागिने बँकेच्या लॉकरमध्ये ठेवले, कॅमेरे बसवले, आणि तरीही रात्री जिन्यावर पाऊल वाजल्यासारखं वाटायचं थांबेना, तेव्हा अर्ज केला.

अर्ज राज्य पोलिसांच्या संकेतस्थळावर भरायचा, तपासतात मात्र आपल्या गावचे पोलीस. पिस्तुलासाठी वय एकवीस पूर्ण हवं. ठसे द्यावे लागतात. २०२२ मध्ये फी वाढली: रायफल-शॉटगन घेण्यासाठी लागणाऱ्या ओळखपत्राची ५ डॉलरवरून ५०, आणि पिस्तुलाच्या प्रत्येक परवान्याची २ वरून २५. परवाना ९० दिवस चालतो, मुदतवाढ मिळू शकते, आणि तीस दिवसांत एकापेक्षा जास्त पिस्तूल घेता येत नाही. हे सगळं मला पटतं.

त्या प्रश्नावलीतल्या एका प्रश्नापाशी मी दोन रात्री अडले. कधी मानसिक आजारासाठी डॉक्टरांकडे उपचार घेतले आहेत का? घेतले होते. धाकट्याच्या जन्मानंतर सात महिने मला काही सुचत नव्हतं, बाळ रडलं तरी उठावंसं वाटायचं नाही, आणि एका डॉक्टरबाईंनी मला त्यातून बाहेर काढलं. हे माझ्या सासरी आजही कुणाला ठाऊक नाही. एका ओळखीच्या बाईंनी सांगितलं, "नाही म्हणून टाक गं, कोण बघतंय?" पण बघतात. मानसिक आरोग्याची नोंद तपासायला संमतीच्या वेगळ्या फॉर्मवर सही घेतात, आणि अर्जात खोटं लिहिणं हा स्वतंत्र गुन्हा आहे. मी "हो" लिहिलं, डॉक्टरांचं पत्र जोडलं. कुणी माझ्याकडे वाकड्या नजरेने पाहिलं नाही. असे उपचार घेतलेल्या ज्या बायका हे वाचत असतील त्यांनी त्या "हो"ला घाबरू नये.

आता ती जागा. अर्जात दोन माणसांची नावं द्यायची, नात्यातली नकोत, तुम्हाला नीट ओळखणारी हवीत. त्यांना पोलिसांकडून ई-मेल जातो. तुम्ही यांना किती वर्षं ओळखता, दारू किंवा नशेचा त्रास आहे का, घरात मारहाण होते का, मनाची अवस्था कशी आहे, यांच्या हाती शस्त्र द्यावं असं तुम्हाला वाटतं का, अशा अर्थाचे प्रश्न असतात.

आमच्या वाडीत हे काम पोलीस पाटील करायचे. माझ्या काकांकडे ठासणीची बंदूक होती, शेती संरक्षणाच्या परवान्यावरची. रानडुकरं आणि माकडं एका रात्रीत काय करतात हे कोकणात सांगायला नको. परवान्याच्या चौकशीला हवालदार आला की आधी पाटलांच्या ओसरीवर बसायचा, मग आमच्याकडे यायचा. कोण किती पितो, कुणाचं भावाशी बांधावरून वाजलं आहे, कुणाच्या घरातून रात्री बाईच्या रडण्याचा आवाज येतो, हे पाटलांना पाठ असायचं. निवडणुकीची आचारसंहिता लागली की काका ती बंदूक जुन्या धोतराच्या फडक्यात गुंडाळून ठाण्यात जमा करायचे आणि पावती देव्हाऱ्यातल्या डबीत ठेवायचे. बंदूक आपली असली तरी गावाने आपल्यावर ठेवलेल्या भरवशावर ती घरात आहे, हे मला तिथे कळलं.

इथे पोलीस पाटील नाहीत. इथल्या पोलिसांना आपल्या घरातलं काही कळत नाही, आपली भाषा कळत नाही, आपण दार लावून काय भोगतो ते तर नाहीच नाही. जे जाणतात ते आपले शेजारी आणि मंडळातली चार माणसं. म्हणून तो ई-मेल ज्याला येतो तो त्या अर्जापुरता पोलीस पाटील असतो. आणि आपण काय करतो? "अरे, नाव दे माझं, भरून टाकतो" म्हणतो आणि गाडीत सिग्नलला थांबल्या थांबल्या सगळीकडे "उत्तम" लिहून मोकळे होतो.

माझ्याकडे मंडळातल्या एका गृहस्थांनी असंच नाव मागितलं. आमची पंधरा वर्षांची ओळख, गणपतीत त्यांचा तबला आणि माझी आरती. मी "हो" म्हटलं. ई-मेल आला आणि मी थांबले. त्यांची नोकरी आदल्या वर्षी गेली होती. पिणं वाढलं होतं. एकदा मध्यरात्री त्यांच्या पत्नीचा फोन आला होता, दोन मिनिटं ती काही बोललीच नव्हती, मग "चुकून लागला" म्हणून ठेवला होता. मी त्यांच्या घरी गेले, दोघांसमोर बसले आणि म्हटलं, "भाऊ, मला हे भरता येणार नाही. आत्ता तरी नको." ते उठून आत गेले. वहिनी तिथेच बसून राहिल्या, माझ्या रिकाम्या कपाकडे बघत. नंतर मी पोलिसांना जे माहीत होतं तेच लिहिलं. आज ते माझ्याशी बोलत नाहीत. त्याचं मला फार वाईट वाटतं, पण पुन्हा तीच वेळ आली तर मी तेच करीन.

अमेरिकेत २०२१ साली बंदुकीने ४८,८३० माणसं गेली. त्यातल्या २६,३२८ आत्महत्या होत्या. निम्म्याहून जास्त. बातमीत शाळेतला गोळीबार येतो, तो यायलाच हवा, पण यातली कितीतरी माणसं आपल्याच घरात, आपल्याच कपाटातल्या शस्त्राने गेली. वाईट महिना संपेपर्यंत हाताशी पिस्तूल नसणं एवढ्यावर माणूस वाचू शकतो. न्यू जर्सीत बंदुकीने मरणाऱ्यांचं प्रमाण देशातल्या सर्वांत कमी राज्यांत मोडतं, आणि परवान्याची ही चाळण त्याच्या कारणांपैकी एक आहे असं मी मानते. कनेक्टिकटने १९९५ मध्ये असाच परवाना सुरू केला, मिसुरीने २००७ मध्ये रद्द केला. जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठाच्या अभ्यासकांना पहिल्या राज्यात बंदुकीने होणारे खून कमी झालेले आणि दुसऱ्यात वाढलेले आढळले.

पण कडक कायदा एका बाजूनेच कडक असून चालत नाही. रहिवाशाच्या अर्जावर तीस दिवसांत निर्णय द्यावा असं याच कायद्यात लिहिलं आहे. माझ्या परवान्याला अकरा आठवडे लागले. त्यातले तीन आठवडे माझ्या एका साक्षीदाराच्या नको त्या ई-मेलांच्या ढिगात गेले. बाकीच्यांचा हिशेब गावच्या पोलिसांनी मला दिला नाही. २०१५ मध्ये याच राज्यातल्या बर्लिन टाउनशिपमध्ये एका बाईने आधीच्या प्रियकराच्या भीतीने परवाना मागितला होता. तिच्याकडे न्यायालयाचा संरक्षण आदेश होता, दारावर कॅमेरे होते. तीस दिवस उलटून गेले तरी परवाना आला नाही, आणि त्याने तिला तिच्या घराच्या अंगणातच भोसकून मारलं. पिस्तुलाने ती वाचलीच असती असं मी म्हणत नाही. पण चौकशी करणं वेगळं आणि कागद पडून राहणं वेगळं. ज्याच्यावर आदेश आहे त्याला रोखायला आणि जिच्या जिवाला धोका आहे तिला उत्तर द्यायला पोलिसांकडे माणसं हवीत, त्यासाठी आम्ही कर भरतो.

नव्याने येणाऱ्या मुलांसाठी दोन गोष्टी. एच-१बी व्हिसावर असताना केंद्राच्या कायद्याने शस्त्र बाळगता येत नाही. शिकारीच्या परवान्यासारखे मोजके अपवाद सोडले तर नाहीच. मित्राने नेमबाजीच्या रेंजवर हौसेने हातात दिलेलं पिस्तूलही बाळगणं ठरू शकतं आणि ग्रीन कार्डाच्या वेळी आडवं येऊ शकतं. दुसरं, विकत घेण्याचा परवाना म्हणजे सोबत बाळगण्याचा नव्हे. त्याला चार साक्षीदार आणि प्रशिक्षण लागतं, आणि २०२२ च्या जूनमध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाचा निकाल येईपर्यंत तो सामान्य माणसाला जवळजवळ मिळतच नसे. दुसऱ्या राज्याचा परवाना इथे चालत नाही. २०१३ मध्ये फिलाडेल्फियाची एक आई इथे गाडीतून येताना पकडली गेली. तिच्याकडे पेनसिल्व्हेनियाचा परवाना होता आणि पिस्तूल आहे हे तिने स्वतःच पोलिसाला सांगितलं होतं. तरी तिच्यावर किमान साडेतीन वर्षांच्या तुरुंगवासाची टांगती तलवार होती, २०१५ मध्ये गव्हर्नर क्रिस ख्रिस्ती यांनी माफी दिली तेव्हा ती कायमची टळली.

माझं पिस्तूल लोखंडी पेटीत आहे, गोळ्या वेगळ्या पेटीत, किल्ल्या माझ्याजवळ. मुलांना ते आहे हे माहीत आहे, कुठे आहे हे नाही.

हे लिहितानाच माझ्याकडे पुन्हा एक ई-मेल येऊन पडला आहे. यजमानांच्या कचेरीतला तरुण आहे, नुकतंच लग्न झालं आहे, मुलगा चांगला वाटतो. पण त्याच्या बायकोला मी अजून एकदाही भेटलेले नाही. येत्या शनिवारी दोघांना जेवायला बोलावलं आहे. फॉर्म त्यानंतर भरीन.

आपली,
एक वाचक,
मिडलसेक्स काउंटी, न्यू जर्सी