हेल्मेट कवटी वाचवते, मेंदू नाही

संपादक महोदय,

सुपर बोलच्या, म्हणजे अमेरिकन फुटबॉलच्या वार्षिक अंतिम सामन्याच्या दिवसांत त्या खेळाविषयी मराठीत जे छापून येते, त्यात संघाची चढाई चालवणाऱ्या क्वार्टरबॅकचेच कौतुक असते. त्याच्या हाती चेंडू देणाऱ्या सेंटरविषयी सहसा कोणी लिहीत नाही. माईक वेबस्टर हा त्या जागेवरचा सर्वोत्तम खेळाडूंपैकी एक. 1974 ते 1990 या 17 हंगामांत त्याने 245 सामने खेळले आणि पिट्सबर्ग स्टीलर्सबरोबर चार सुपर बोल जिंकले.

सेंटर वाकून चेंडूवर हात ठेवतो. समोरचा बचावपटू जेमतेम चेंडूच्या लांबीएवढ्या, म्हणजे 11 इंचांच्या अंतरावर असतो. चेंडू पायांमधून मागे जाऊन हात मोकळा होतो न होतो तोच तो बचावपटू अंगावर येतो, त्यामुळे अनेकदा डोकेच आधी धडकते. सामन्यात असे साठेक डाव होतात, शिवाय सराव वेगळाच. हेल्मेटमुळे कवटी फुटत नाही, हे खरे. पण डोके एकदम थांबले तरी द्रवात तरंगणारा मेंदू आत हलतो, पिळला जातो आणि चेतातंतू ताणले जातात. शुद्ध हरपली नाही, चक्कर आली नाही, म्हणून इजा झालीच नाही असे समजणे चूक आहे. लहान धक्के साठत जातात.

निवृत्तीनंतर वेबस्टरची स्मृती आणि विचारांची संगती गेली. कित्येक रात्री तो आपल्या ट्रकमध्ये झोपे. सप्टेंबर 2002 मध्ये हृदयविकाराने तो वारला, तेव्हा 50 वर्षांचा होता. शवविच्छेदन करणारे डॉ. बेनेट ओमालू यांना मेंदू वरून अगदी निरोगी दिसला. तरीही त्यांनी तो जतन करून पातळ काप रंगवून घेतले. सूक्ष्मदर्शकाखाली टाऊ प्रथिनाच्या गुठळ्या सापडल्या. हा आजार म्हणजे सीटीई (क्रॉनिक ट्रॉमॅटिक एन्सेफॅलोपथी), डोक्याला वारंवार बसलेल्या धक्क्यांमुळे होणारा मेंदूचा ऱ्हास. त्याचे पक्के निदान आजही मृत्यूनंतरच होते. ओमालूंचा निबंध 2005 मध्ये प्रसिद्ध झाला, तर एनएफएल या व्यावसायिक लीगच्या समितीतील डॉक्टरांनी तो मागे घ्यायला सांगितले.

याची चीड येते, कारण खेळाडूंच्या पेन्शन मंडळाने 1999 मध्येच वेबस्टरचे कायमचे अपंगत्व मान्य केले होते आणि त्याचा संबंध डोक्याच्या इजांशी जोडला होता. तरी पूर्ण रकमेसाठी त्याच्या वारसांना कोर्टात जावे लागले. 2006 मध्ये अपील न्यायालयाने त्यांच्या बाजूने निकाल दिला. फुटबॉल आणि सीटीईचा संबंध लीगच्या अधिकाऱ्याने संसदीय समितीपुढे जाहीरपणे मान्य केला, तो मात्र मार्च 2016 मध्ये.

अमेरिकेतल्या मराठी घरांतली मुलेही शाळेच्या संघांत उतरतात. पालक हेल्मेटचा ब्रँड विचारतात. त्याआधी प्रशिक्षकाला हे विचारा: आठवड्यात पूर्ण धडकेचे सराव किती, आणि प्रत्येक किती मिनिटांचा? व्यावसायिक खेळाडूंनी 2011 च्या करारात संपूर्ण नियमित हंगामासाठी अशा सरावांची मर्यादा 14 वर आणून घेतली. लहान मुलांच्या संघात हंगामाचा आकडा त्याहून मोठा निघाला, तर मुलाला फ्लॅग फुटबॉलमध्ये घाला. त्यात धडक नसते आणि 2028 च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये तो खेळ आहे.

– एक वाचक, पिट्सबर्ग