इष्टांक शिल्लक नाही, हे लेखी द्या

प्रति,
माननीय मंत्री,
अन्न, नागरी पुरवठा व ग्राहक संरक्षण विभाग,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई.

विषय: अन्नसुरक्षा योजनेसाठी पात्र असूनही धान्य न मिळालेल्या कुटुंबांची प्रतीक्षा यादी प्रसिद्ध करणे आणि उत्पन्नमर्यादा वाढवणे याबाबत.

माननीय मंत्रिमहोदय,

तहसीलच्या पुरवठा शाखेत रेशनचा अर्ज घेऊन गेलेल्या माणसाला सगळ्यात जास्त वेळा ऐकावं लागणारं उत्तर म्हणजे 'इष्टांक शिल्लक नाही', म्हणजे तालुक्याला जेवढ्या माणसांचं धान्य ठरवून दिलंय तेवढी नावं भरली. ते नेहमी तोंडीच मिळतं. अर्जावर शेरा पडत नाही, पोच मिळत नाही, पुन्हा कधी यायचं तेही कुणी सांगत नाही. मराठवाड्यातल्या एका तालुक्यात मी बायामाणसांना हे अर्ज भरून देण्याचं काम करते. या पत्रात पुढे बरंच लिहिलं आहे, पण मुख्य मागणं एवढंच: हे उत्तर लेखी द्या, आणि ज्यांना ते मिळालं त्यांची रांग सगळ्यांना दिसेल अशी लावा.

पत्र खुलं आहे, म्हणून आपल्याला ठाऊक असलेल्या काही गोष्टी वाचकांसाठी सांगते. २०१३ चा राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायदा आपल्या राज्यात १ फेब्रुवारी २०१४ पासून लागू झाला. त्यात महाराष्ट्राच्या वाट्याला ७ कोटी १६ हजार माणसांचं धान्य आलं. ग्रामीण भागातली ७६.३२ टक्के आणि शहरी भागातली ४५.३४ टक्के लोकसंख्या, तीही २०११ च्या जनगणनेची. हाच राज्याचा इष्टांक. तो जिल्ह्यांना, तिथून तालुक्यांना वाटून दिलेला आहे. अंत्योदय, म्हणजे सर्वांत गरीब कुटुंबाला महिन्याला ३५ किलो आणि प्राधान्य कुटुंबाला माणशी ५ किलो धान्य मिळतं. जानेवारी २०२३ पासून ते मोफत आहे आणि १ जानेवारी २०२४ पासून पुढची पाच वर्षं मोफतच राहणार आहे. म्हणजे भावाचा प्रश्न आता उरलेला नाही. यादीत नाव आहे की नाही, एवढ्यावरच सगळं येऊन थांबतं. नाव असेल तर पूर्ण धान्य फुकट, नसेल तर एक दाणाही नाही.

लोकांचा घोटाळा होतो तो कार्डाच्या रंगावरून. १९९९ पासून आपल्याकडे पिवळं, केशरी आणि शुभ्र कार्ड आहे. गावात अजून समज असा की केशरी कार्ड हातात आलं म्हणजे कंट्रोलचा माल मिळणारच. पण केशरीतही दोन भाग आहेत. ज्या कार्डावर प्राधान्य कुटुंबाचा शिक्का आहे त्याला धान्य, बाकीच्यांचं कार्ड फक्त कागदपत्रांना जोडण्यापुरतं. एखादी बाई कार्ड पदराखाली जपून आणते आणि विचारते, 'ताई, कार्ड हाये, पण माल चालू न्हाई.' बारा अंकी नंबर टाकून पाहिलं की कळतं, कार्ड ऑनलाइन आहे पण अन्नसुरक्षेत नाही. हे तिला कुणीही, कधीही सांगितलेलं नसतं. ती दुकानदाराशी भांडून आलेली असते आणि त्या बिचाऱ्याच्या हातात त्यातलं काहीच नसतं.

आता उत्पन्नमर्यादेचं बोलते. प्राधान्य कुटुंबासाठी ग्रामीण भागात वर्षाला ४४,००० रुपये आणि शहरात ५९,००० रुपये, ही मर्यादा २०१३ ची. ४४,००० म्हणजे महिन्याला ३,७०० रुपयांच्याही आत. पाच माणसांच्या घरात माणशी दिवसाला २४ रुपये. रोजगार हमीचा २०२५-२६ चा दर दिवसाला ३१२ रुपये होता. त्या दराने घरातल्या एकाच माणसाने वर्षात १४२ दिवस काम केलं की कुटुंब मर्यादेच्या वर गेलं. ज्या राज्याने रोजगार हमी देशाला शिकवली, त्याच राज्यात पाच महिने माती उपसणारं माणूस धान्याच्या दृष्टीने सधन ठरतं. आणि हेच राज्य लाडक्या बहिणींसाठी अडीच लाखांच्या उत्पन्नापर्यंतचं कुटुंब गरजू मानतं. अडीच लाख बरोबर की चूक, हा या पत्राचा विषय नाही. पण एकाच घराकडे सरकार दोन मापांनी कसं बघतं, हे मला गावातल्या बायकांना समजावून सांगता येत नाही.

या मर्यादेने केलेलं आणखी एक नुकसान मला जास्त लागतं. ती माणसाला खोटं बोलायला लावते. उत्पन्नाचा दाखला काढायला गेलेल्या मजुराला सेतू केंद्रावर आधीच सांगितलं जातं, चाळीस-बेचाळीस हजार लिही, नाहीतर उपयोग नाही. तलाठ्याला ठाऊक असतं, दाखला देणाऱ्याला ठाऊक असतं, अर्ज करणाराही मान खाली घालून स्वयंघोषणापत्रावर अंगठा उठवतो. आणि मग २०२५ सारखी अपात्र कार्डं शोधण्याची मोहीम निघाली की याच माणसाची झोप उडते. ज्याच्याकडे गाडी, बंगला, पक्की नोकरी आहे त्याचं नाव काढाच, त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण पोरांना दोन वेळचं खाऊ घालणारा मजूर स्वतःला गुन्हेगार समजून घाबरतो, याची जबाबदारी त्या जुन्या आकड्यावर आहे.

मर्यादा वाढवली तर पात्र लोक वाढतील, इष्टांक तेवढाच राहील आणि रांग लांबेल, असं अधिकारी सांगतात. खरं आहे ते. लांबू द्या. रांग आजही आहे, ती मोजलेली नाही एवढंच. केंद्राकडे वाढीव धान्य मागायला जाताना 'आमच्याकडे इतकी पात्र कुटुंबं नावागावासह प्रतीक्षेत आहेत' असं सांगता आलं तर त्या मागणीला वजन येईल. आज आपल्या हातात असा कागदच नाही.

सुनांचं उदाहरण मुद्दाम सविस्तर सांगते, कारण याची झळ जवळपास प्रत्येक वाडी-वस्तीला लागलेली आहे. मुलीचं लग्न होतं. सासरच्या कार्डावर नाव चढवायचं तर माहेरच्या कार्डातून नाव कमी केल्याचा दाखला लागतो. तिचा बाप आपल्या तहसीलमधून तो दाखला काढतो, आणि त्याच दिवशी तिच्या नावचे ५ किलो तिथे बंद होतात. सासरच्या तालुक्यात अर्ज जातो. तिथे इष्टांक शिल्लक नाही. कधी तिचं नाव छापील कार्डावर येतं पण धान्यात येत नाही, कधी दोन्हीकडे नाही. मग मूल होतं. बाळाचं नाव चढवायला गेलं तर तेच उत्तर. म्हणजे कायद्याने जिला लहानपणापासून धान्य मिळत होतं, ती गरोदरपणात आणि बाळंतपणात, जेव्हा तिला ते सगळ्यात जास्त हवं, तेव्हाच यादीबाहेर असते. याच कायद्याच्या कलम १३ ने घरातली अठरा वर्षांवरची सर्वांत मोठी स्त्री कार्डाची कुटुंबप्रमुख ठरवली. सासूचं नाव पहिल्या पानावर आहे, आणि सुनेला त्या कार्डावर जागा नाही.

यावर उपाय अवघड नाही. लग्नामुळे नाव एका तालुक्यातून दुसऱ्या तालुक्यात जात असेल तर तिचा इष्टांकही तिच्याबरोबर जावा. माहेरी जागा रिकामी झालेलीच असते. कार्डांची सगळी नोंद आता संगणकावर आहे, एकाच राज्याच्या एकाच यंत्रणेत. नाव कमी करणं आणि नाव चढवणं हे दोन कार्यालयांचे दोन अर्ज कशाला? सासरच्या तहसीलने नाव घेतल्याशिवाय माहेरचं कमी होऊ नये, एवढा एक आदेश आपण काढलात तरी हजारो घरांत फरक पडेल. विभक्त झालेल्या भावांना, टाकलेल्या आणि विधवा बायकांना स्वतंत्र कार्ड देतानाही हेच करता येईल. माणसं तीच आहेत, धान्यही तेवढंच आहे, फक्त चूल वेगळी झाली.

ऊसतोड कामगारांबद्दल आपल्याला वेगळं सांगायला नको. दसऱ्यानंतर बीड, जालना, परभणीच्या टोळ्या कोल्हापूर, सांगली, सोलापूर आणि कर्नाटकाकडे जातात, पाडव्याच्या आसपास परततात. महाराष्ट्र आणि गुजरात यांच्यात एकमेकांच्या कार्डावर धान्य द्यायची सोय ऑगस्ट २०१९ मध्येच सुरू झाली, आता देशात कुठेही अंगठा लावून धान्य घेता येतं, असं कागद सांगतो. पण टोळीचा तळ फडाजवळ असतो, दुकान गावात असतं, आणि दुकानदाराकडे आपल्याच कार्डांपुरता माल आलेला असतो. जुलै २०२५ मध्ये केंद्राने वितरण व्यवस्थेच्या नियंत्रण आदेशात दुरुस्ती केली, तीत सहा महिने धान्य न उचललेलं कार्ड तात्पुरतं बंद करायची तरतूद आहे. तीन महिन्यांत घरी जाऊन पडताळणी करायची, मग ठरवायचं. पडताळणीला आलेल्या माणसाला दाराला कुलूप दिसणार. हंगामाच्या काळात ऊसतोड, वीटभट्टी आणि कोळशाच्या कामावर गेलेल्या कुटुंबांना हा नियम लावण्याआधी ग्रामसभेकडून विचारून घ्या. कोण कुठे गेलंय हे गावाला बरोबर माहीत असतं. ई-केवायसीचंही, म्हणजे आधारवरून मशीनवर ओळख पटवण्याचंही तसंच. कापूस वेचून आणि विटा थापून ज्यांच्या बोटांच्या रेषा गेल्या, त्यांचा अंगठा मशीनवर उठत नाही. चेहऱ्यावरून ओळख पटवण्याची सोय आली हे चांगलं झालं, पण ती मोबाइलवर आहे आणि तो मोबाइल सगळ्यांकडे नाही.

त्याच जुलै २०२५ च्या दुरुस्तीत एक चांगली गोष्टही आहे, आणि तिच्यासाठीच मी हे पत्र लिहायला बसले. नव्या कार्डांचे अर्ज जो आधी आला त्याला आधी, या क्रमाने निकाली काढायचे आणि प्रतीक्षेत कोण कितव्या क्रमांकावर आहे याची यादी राज्याने आपल्या संकेतस्थळावर चालू स्थितीत दाखवायची, असं त्यात आहे. सहा महिने धान्य न उचलणाऱ्यांवरची तरतूद तहसीलदारांना तोंडपाठ झाली. यादीच्या तरतुदीबद्दल मात्र आमच्या तालुक्यात कुणी बोलायला तयार नाही. ज्या तालुक्यात अपात्रांची आणि मयतांची नावं कमी होतात, तिथे त्या जागा कुणाला गेल्या हे लोकांना कळत नाही. पुढाऱ्याच्या चिठ्ठीने गेल्या, एजंटाने घेतल्या, अशी कुजबुज होते. सगळीकडे तसंच होतं असा माझा आरोप नाही. पण भिंतीवर यादी असती तर कुजबुजीला जागाच राहिली नसती.

संकेतस्थळावरची यादी पुरेशी नाही, हेही नोंदवून ठेवते. ती ग्रामपंचायतीच्या फलकावर आणि रास्त भाव दुकानात, मराठीत, ठळक अक्षरांत लागली पाहिजे: अर्जाची तारीख, क्रमांक, आणि त्या महिन्यात तालुक्यात रिकाम्या झालेल्या जागा. आणि प्रत्येक अर्जाला पोच. पोच नसल्यामुळे काय होतं ते पाहा. २०१५ च्या लोकसेवा हक्क कायद्यात शिधापत्रिकेच्या सेवा आहेत, विनाकारण मुदत चुकवणाऱ्या अधिकाऱ्याला ५०० ते ५,००० रुपये दंडाची सोय आहे, वर अपिलं आहेत. अन्न सुरक्षा कायद्यात जिल्हा तक्रार निवारण अधिकारी आहे, राज्य अन्न आयोग आहे. या सगळ्या पायऱ्या चढायला पहिला कागद लागतो, आणि तोंडी उत्तर मिळालेल्या बाईकडे तो नसतो.

शेवटी राज्याच्या स्वतःच्या तिजोरीचं. केंद्राने इष्टांक बांधला म्हणून राज्याचे हात बांधले गेले असं होत नाही. तमिळनाडू जवळजवळ सगळ्यांना रेशन देतं. ओडिशाने २०१८ मध्ये कायद्याबाहेर राहिलेल्या गरिबांसाठी स्वतःची योजना काढली. आपणही केलेलं आहे. २०१५ साली मराठवाडा, अमरावती विभाग आणि वर्धा अशा १४ जिल्ह्यांतल्या केशरी कार्डवाल्या शेतकऱ्यांना प्राधान्य कुटुंबांच्या दराने धान्य सुरू झालं. २०२० च्या टाळेबंदीत केशरी कार्डांना गहू ८ आणि तांदूळ १२ रुपये किलोने मिळाला. शेतकऱ्यांच्या त्या योजनेत २०२३ पासून धान्याऐवजी खात्यात पैसे येतात, आधी माणशी १५० होते, नंतर १७० झाले. १७० रुपयांत बाजारात पाच किलो बरा तांदूळ येत नाही. शिवाय सातबारा नसलेला शेतमजूर त्या योजनेत कधीच नव्हता, आणि गावात सर्वांत आधी उपाशी राहतो तो तोच. नव्या जनगणनेची गणना फेब्रुवारी २०२७ मध्ये व्हायची आहे. आकडे येऊन इष्टांक वाढेपर्यंत आणखी वेळ जाईल. तोपर्यंत निदान भूमिहीन, एकल महिला, दिव्यांग आणि कातकरी, कोलाम, माडिया यांच्यातली सुटलेली घरं राज्याने स्वतःच्या खर्चाने धान्यात घ्यावीत.

यातलं पैशाचं काम मंत्रिमंडळात जाईल, वित्त विभागात अडेल, हे मला कळतं. पण पोच, लेखी शेरा, फलकावरची यादी आणि सुनेबरोबर जाणारा इष्टांक, या चार गोष्टींना तिजोरीतून जवळपास काही जात नाही. आपल्या विभागाचं एक परिपत्रक पुरेल. ते निघालं तर त्याची प्रत आमच्या गावच्या चावडीवर मी स्वतः वाचून दाखवीन. नाही निघालं तर लोकसेवा हक्क कायद्याखाली आमच्या तालुक्यातल्या प्रत्येक अर्जासाठी आम्ही पोच मागत राहू, आणि मिळाली नाही तर अपिलात जाऊ. बायका तयार आहेत.

आपली विश्वासू,
रेशनचे अर्ज भरून देणारी एक कार्यकर्ती,
मराठवाडा