वैद्यकीय अध्यापकांच्या निवृत्तीचे वय एकदाचे कायद्याने ठरवा

महोदय,

शासकीय वैद्यकीय महाविद्यालयातील अध्यापकाने निवृत्तीच्या तोंडावर वकील गाठायचा, हे आता कोणाला नवल वाटत नाही. आस्थापना शाखेत नोकरी केल्यामुळे ही प्रकरणे मी जवळून पाहिली आहेत.

राज्याचा सर्वसाधारण कर्मचारी 58 व्या वर्षी निवृत्त होतो. वैद्यकीय अध्यापकांची मर्यादा त्याहून वर आहे, आणि ती तशी असायलाच हवी. न्यूरोसर्जरीचा प्राध्यापक तयार व्हायला अर्धी हयात जाते. राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाच्या नियमांत 70 वर्षांपर्यंत अध्यापक राहता येते, त्यामुळे सरकारने घरी पाठवलेले अनेक प्राध्यापक खासगी महाविद्यालयात रुजू होतात. त्यांच्या हाताखाली शिकण्याची संधी नागपूरच्या मेडिकल आणि मेयो या शासकीय महाविद्यालयांतील विद्यार्थ्यांची हुकते. गोंदिया, गडचिरोली, बालाघाटहून रेफर होऊन आलेल्या रुग्णाचे नुकसान तर त्याहून मोठे.

खरे दुखणे तारखेचे आहे. वयवाढीचा निर्णय लांबतो, मग एका महिन्याच्या अखेरीस निवृत्त झालेला अध्यापक वगळला जातो आणि पुढच्या महिन्यातला तरतो. वगळलेला मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जातो, तिथून उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात. अंतरिम आदेशावर तो खुर्चीत राहिला की खालच्या सहयोगी प्राध्यापकाची पदोन्नती अडते. तोही मग याचिका करतो! दोघांचेही म्हणणे रास्त असते. इकडे पेन्शनचे प्रकरण सिव्हिल लाइन्समधील महालेखापाल कार्यालयात पाठवायचे की थांबायचे, हे बाबूंना कळत नाही.

न्यायालयाकडून सर्वांना सारखाच दिलासा मिळतो असेही नाही. दिल्लीतील महापालिकेच्या आयुष डॉक्टरांना ॲलोपॅथीच्या डॉक्टरांप्रमाणेच 31 मे 2016 पासून 65 वर्षांच्या निवृत्तिवयाचा लाभ द्यावा, असे सर्वोच्च न्यायालयाने 2021 मध्ये सांगितले. त्याच न्यायालयाने 2023 मध्ये केरळच्या होमिओपॅथी महाविद्यालयांतील अध्यापकांची मागणी मात्र फेटाळली. निवृत्तीचे वय हा सरकारच्या धोरणाचा विषय आहे, असे त्या निकालात म्हटले आहे. म्हणजे चेंडू सरकारच्याच कोर्टात आहे.

केंद्राने आपल्या डॉक्टरांचे वय 65 केले, पण 62 नंतर प्रशासकीय पद नाही अशी अट घातली. ही अट मला फार मोलाची वाटते. ज्येष्ठाने वॉर्डात राउंड घ्यावा, ओटीत उभे राहून निवासी डॉक्टरांना शिकवावे. विभागप्रमुखाची आणि अधिष्ठात्याची खुर्ची पुढच्याला द्यावी. वाढीव वर्षांसाठी अधिसंख्य, म्हणजे मंजूर पदांपेक्षा जादा, पदे निर्माण केली, तर कोणाची पदोन्नतीही अडणार नाही. पैसा लागेल, हे मान्य. पण चंद्रपूर (2015), गोंदिया (2016) आणि त्यानंतर विदर्भात निघालेल्या महाविद्यालयांना अध्यापक कुठून आणणार?

माझी विनंती एवढीच की, हे वय शासन निर्णयांवर न सोडता कायद्यात लिहावे. बदल करायचाच झाला तर किमान दोन वर्षे आधी जाहीर करावा. मेडिकलच्या आवारातील दंत महाविद्यालय आणि सक्करदऱ्याचे आयुर्वेद महाविद्यालय यांनाही तो त्याच तारखेपासून लागू व्हावा. हिवाळी अधिवेशन नागपुरात भरते. विदर्भातील आमदारांनी, पक्ष कोणताही असो, याच अधिवेशनात वैद्यकीय शिक्षणमंत्र्यांकडून तसे विधेयक आणण्याचे आश्वासन घ्यावे.

— एक निवृत्त कर्मचारी, हनुमाननगर, नागपूर