शनिवारची सहल : मोन्सेरात आणि सांत सादुर्नी

सभासदहो,

येत्या शनिवारी सकाळी ८ ला बार्सिलोनाच्या प्लासा एस्पान्याहून बस सुटेल. १५ मिनिटे आधी या. मठाच्या वेळा ठरलेल्या असल्याने कोणासाठीही थांबता येणार नाही.

मोन्सेरात या बार्सिलोनाजवळच्या डोंगरावरचा बेनेडिक्टाइन (एका ख्रिस्ती साधुपंथाचा) मठ साधारण ७२० मीटर उंचीवर आहे. अकराव्या शतकापासूनचे हे जागते देवस्थान आहे. काळ्या मेरीमातेच्या, म्हणजे ‘मोरेनेता’च्या दर्शनाला वेळेचे आरक्षण लागते, ते आपण केले आहे, म्हणून रांगेत गटासोबतच राहा. खांदे आणि गुडघे झाकणारे कपडे घाला, आत मोबाइल बंद ठेवा. दर्शनानंतर तासभर मोकळा आहे. तो दुकानांत घालवू नका, कड्यालगतच्या वाटेवर जरूर फिरा. असे गोलसर, बोटांसारखे सुळके सह्याद्रीत दिसत नाहीत.

दुपारी सांत सादुर्नी दानोया या गावी जाऊ. १८७२ मध्ये कावा ही फसफसती वाइन पहिल्यांदा इथेच तयार झाली. तिचे दुसरे आंबवणे बाटलीतच होते. वाइनच्या तळघरात मार्गदर्शक ते दाखवतील.

- तळघर गार असते, स्वेटर घ्या.
- चव घेणे ऐच्छिक आहे. १८ वर्षांखालील मुलांना वाइन मिळणार नाही.
- शाकाहारी जेवण हवे असल्यास बुधवारपर्यंत कळवा.
- मूळ ओळखपत्र आणि पाण्याची बाटली जवळ ठेवा.

परत संध्याकाळी ७ पर्यंत.