चेर्नोबिलचे लांडगे आणि परतलेल्या आज्या

महोदय,

१९८६ च्या अणुवीज केंद्रातील दुर्घटनेनंतर रिकाम्या केलेल्या, युक्रेन-बेलारूस सीमेवरच्या चेर्नोबिलच्या निर्मनुष्य पट्ट्यातले लांडगे, रानडुकरे यांची छायाचित्रे समाजमाध्यमांवर फिरतात आणि त्यांखाली हमखास वाचायला मिळते : किरणोत्सर्गाने निसर्गाचे काही बिघडले नाही. हा निष्कर्ष घाईचा आहे. बेलारूसच्या बाजूच्या राखीव क्षेत्रात लांडग्यांची संख्या तिथल्या प्रदूषणमुक्त अभयारण्यांपेक्षा सातपटीहून अधिक असल्याचे २०१५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात दिसले, हे खरे. पण शिकार आणि शेती थांबली म्हणून प्राणी वाढले. चेर्नोबिल परिसरातल्या पक्ष्यांमध्ये मोतीबिंदूचे प्रमाण जास्त आढळल्याचीही नोंद आहे. किरणोत्सर्गाच्या परिणामांवर शास्त्रज्ञांत अजून वाद आहेत. कळपाच्या संख्येवरून एकेका जिवाची प्रकृती कळत नाही.

मला जास्त खुपते ते माणसांचे विस्मरण. २७ एप्रिल १९८६ रोजी अणुवीज केंद्राजवळचे प्रिप्यात शहर रिकामे करताना रहिवाशांना हे स्थलांतर तात्पुरते असल्याचे सांगितले गेले. त्या वर्षी एकूण १ लाखाहून अधिक लोकांना हलवण्यात आले. पुढे हजारभर लोक, त्यांत वृद्ध स्त्रियाच अधिक, मनाई झुगारून कुपुवाते, ओपाचिची अशा गावांत परतले. परसात बटाटे लावले, कोंबड्या पाळल्या. अनोळखी शहरातल्या सदनिकेत झुरण्यापेक्षा त्यांना आपली माती, दूषित असली तरी, जवळची वाटली. आता त्यांच्यातल्या फार थोड्या हयात आहेत. लांडग्यांची मोजदाद होते तशी या आज्यांच्या आठवणींचीही नोंद व्हायला हवी, आणि ती त्या असतानाच.

– एक वाचक, सातारा